किंक, मंच, सीएनसी, सेफवर्ड : प्रौढांच्या खासगी परिभाषेचे अर्थ आणि आपल्या भागातील वापर

पऱ्हाटी

यवतमाळ जिल्ह्यातील एका तालुक्याच्या गावी मी लैंगिक आरोग्याविषयी समुपदेशन करते. अलीकडे माझ्याकडे येणाऱ्या प्रौढ स्त्रीपुरुषांच्या बोलण्यात असे शब्द येऊ लागले आहेत, जे मोबाइलवरून घरात शिरले, पण ज्यांचा अर्थ विचारावा असे माणूस गावात नाही. ‘नवरा म्हणते, तू व्हॅनिलाच राहिली’ असे सांगणाऱ्या बाईंना त्या शब्दाने आपला अपमान झाला एवढे कळले होते. नेमका काय अपमान झाला, ते कळले नव्हते. म्हणून हा धागा काढते आहे. तो अठरा वर्षांवरील वाचकांसाठीच आहे आणि येथे कृतींची वर्णने कोणी करू नयेत. शब्द कोठून आले, ते वापरणारे त्यांचा अर्थ काय घेतात आणि आपल्याकडे आल्यावर त्यांचे काय होते, एवढ्यापुरतेच बोलू.

माझे म्हणणे आधीच सांगून टाकते. या परिभाषेतील फार मोठा भाग कृतींच्या नावांचा नसून संमती, मर्यादा आणि काळजी यांविषयीचा आहे. व्हिडिओतून आपल्यापर्यंत पोचतात ती मात्र केवळ कृतींची नावे. थांबण्याचे आणि विचारण्याचे शब्द वाटेतच गळून पडतात, आणि जे उरते त्याने घरात इजा होते.

आता काही मूळ शब्द. ‘फेटिश’ हा पोर्तुगीज ‘फेइतिसो’ या शब्दावरून आला. त्याचा अर्थ जादूटोणा किंवा मंतरलेली वस्तू असा होता आणि आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर व्यापार करणारे पोर्तुगीज तेथील लोकांच्या पूज्य वस्तूंना तो शब्द लावीत. १८८७ साली आल्फ्रेड बिने या फ्रेंच मानसशास्त्रज्ञाने तो लैंगिक आकर्षणासाठी वापरला. डी.एड. आणि बी.एड. केलेल्यांना बुद्धिमापन चाचणीमुळे जे बिने माहीत आहेत, तेच हे. काटेकोर अर्थाने, एखादी वस्तू, वस्त्र किंवा शरीराचा एरवी लैंगिक न मानला जाणारा भाग कामोत्तेजनेच्या केंद्रस्थानी असणे म्हणजे फेटिश. ‘किंक’ याहून सैल आहे : रूढ चाकोरीबाहेरची कोणतीही आवड त्यात बसते. ‘व्हॅनिला’ म्हणजे चाकोरीतला संबंध किंवा तो आवडणारी व्यक्ती. जाणती मंडळी हा शब्द हिणवण्यासाठी वापरत नाहीत आणि कोणी तसा वापरला तर त्याला टोकतात. वरच्या बाईंना मी हेच सांगितले.

‘सॅडिझम’ (वेदना देण्यातली आवड) आणि ‘मॅसोकिझम’ (वेदना घेण्यातली आवड) ही नावे दोन लेखकांच्या नावांवरून पडली. क्राफ्ट-एबिंग या मानसोपचारतज्ज्ञाने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ती वैद्यकात रुजवली, आणि त्यातले दुसरे नाव ज्यांच्यावरून पडले ते झाखर-मासोख त्या वेळी हयात होते. रुग्णांना लावण्यासाठी घेतलेली ही नावे पुढे त्या लोकांनीच स्वतःसाठी घेतली आणि आपल्या पद्धतीने वळवली. ‘बीडीएसएम’ हे जोडनाव तर बरेच अलीकडचे, १९९०च्या दशकात इंटरनेटवरील चर्चांतून पसरलेले आहे. बंधन आणि शिस्त, वर्चस्व आणि समर्पण, वेदना देणे आणि घेणे अशा तीन जोड्या त्यात आहेत. वर्चस्वाची भूमिका घेणारा ‘डॉम’, समर्पणाची घेणारा ‘सब’, आणि दोन्हीकडे रमणारा ‘स्विच’. ‘टॉप’ आणि ‘बॉटम’ हे शब्द कृती कोण करतो आणि कोणावर होते एवढेच सांगतात. सत्ता कोणाकडे आहे, हे त्यांतून कळतेच असे नाही.

झाडीपट्टी

ताई, विषय अवघड आहे आणि तुम्ही तो नीट मांडला आहे. गुप्त परिभाषेची गरज का पडली, याविषयी थोडी भर घालतो.

या शब्दांपैकी पुष्कळसे अमेरिकेतील समलिंगी पुरुषांच्या ‘लेदर’, म्हणजे चामड्याचे कपडे ही ओळख मानणाऱ्या मंडळींत घडले. दुसऱ्या महायुद्धानंतर सैन्यातून परतलेल्या पुरुषांनी मोटारसायकलींचे क्लब काढले. लॉस एंजेलिसमधील सॅटर्स हा क्लब १९५४चा. त्या काळी तेथे समलिंगी संबंध हा गुन्हा होता आणि पोलिसांचे छापे पडत, त्यामुळे उघड बोलण्याऐवजी खुणा आल्या. १९७०च्या दशकात रुमालांची खूण रूढ झाली : मागच्या डाव्या खिशात रुमाल असला की करणारा, उजव्या खिशात असला की करून घेणारा, आणि रुमालाचा रंग आवडीचा प्रकार सांगणारा. आपल्याकडे गुरांच्या बाजारात दलाल दुपट्ट्याखाली बोटे धरून भाव ठरवतात, शेजारी उभ्या असलेल्या माणसाला बैल दिसतो पण आकडा कळत नाही, तसाच हा प्रकार होता.

पुढे खुणांबरोबर नियमही आले. न्यूयॉर्कमधील अशाच एका मंडळात १९८३ साली ‘सेफ, सेन, कन्सेन्शुअल’ हे सूत्र तयार झाले : सुरक्षित, शुद्धीत आणि संमतीने. डेव्हिड स्टाइन यांना त्याचे श्रेय देतात. १९९९ च्या सुमारास गॅरी स्विच यांनी त्यावर आक्षेप घेतला. पूर्णपणे सुरक्षित असे काहीच नसते, तेव्हा धोका ओळखून दिलेली संमती म्हणावे, असे त्यांचे म्हणणे होते. त्यातून ‘रॅक’ (रिस्क-अवेअर कन्सेन्शुअल किंक) हे लघुरूप आले. मला हा वाद या साऱ्या इतिहासातला सर्वांत रोचक भाग वाटतो, कारण ज्यांना बाहेरचे लोक बेबंद समजत होते, ते आतमध्ये बसून एकेका विशेषणावर वाद घालत होते.

सालबर्डी

माझी शंका विचारतो, हसू नये. मी आयटीआय करून सीएनसी मशीनवर, म्हणजे संगणकाने चालणाऱ्या यंत्रावर काम करतो. एका ग्रुपमध्ये ‘सीएनसी आवडते’ असे वाचून मी बुटीबोरीच्या कारखान्यातला कोणीतरी असेल म्हणून उत्तर दिले आणि तिथे सगळे हसले. दुसरे असे की, ‘नागपूरला मंच आहे, येणार का’ असा निरोप आला होता. मला वाटले, सत्कार समारंभ असावा.

पऱ्हाटी

सालबर्डी भाऊ, हसण्यासारखे काही नाही. देवनागरीत लिहिले की हे शब्द आपल्या ओळखीच्या शब्दांचा वेश घेतात आणि गोंधळ होतो.

‘मंच’ म्हणजे व्यासपीठ नव्हे. इंग्रजीत काहीतरी चावत बसणे या अर्थाचा तो शब्द आहे. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला कॅलिफोर्नियातील पालो आल्टो भागात इंटरनेटवर ओळख झालेली काही मंडळी बर्गर खाण्याच्या निमित्ताने भेटू लागली, त्यावरून हे नाव पडले. साध्या कपड्यांत, सार्वजनिक उपाहारगृहात, गप्पांसाठी भेटायचे, आणि तेथे कोणतीही कृती करायची नाही, हा त्याचा संकेत आहे. म्हणूनच कोणी ‘मंच’ म्हणून एकट्याला लॉजवर किंवा शेतातल्या बंगल्यावर बोलावत असेल, तर तो मंच नाही. शब्दाचा अर्थ माहीत असणे येथे थेट उपयोगी पडते.

‘सीएनसी’विषयी मात्र थांबून लिहिते, कारण सर्वाधिक नुकसान याच शब्दाने होते. ‘कन्सेन्शुअल नॉन-कन्सेंट’ याचे ते लघुरूप आहे : दोन प्रौढांनी आधी तपशीलवार ठरवून, जबरदस्तीचा अभिनय करणे. जबरदस्ती खोटी असते. ठरवणे खरे असते. ज्या मंडळींत हा शब्द घडला, तेथे नवख्यांना यापासून लांब राहायला सांगतात. बरीच वर्षे एकमेकांना ओळखणारे जोडीदारही आधी काय चालेल, काय चालणार नाही आणि कोणत्या शब्दावर सारे थांबेल, हे ठरवून घेतात. व्हिडिओत यातला अभिनय तेवढा दिसतो. ठरवण्याची बैठक कॅमेऱ्यापुढे होत नाही. मग पाहणाऱ्याचा असा समज होतो की समोरची बाई ‘नको’ म्हणत असतानाही तिला हवेच असते. हा समज आपल्याकडे आधीपासूनच आहे. नव्या शब्दाने त्याला शहरी प्रतिष्ठा मिळाली.

बैठकीलाही शब्द आहे, ‘निगोशिएशन’. आपल्याकडची बोलणी म्हणा. त्यात ‘हार्ड लिमिट’ म्हणजे कधीही न ओलांडायची मर्यादा, आणि ‘सॉफ्ट लिमिट’ म्हणजे काही अटींवर, काही दिवशी चालू शकेल अशी मर्यादा. हार्ड लिमिटची कारणे विचारायची नसतात. ‘सेफवर्ड’ म्हणजे उच्चारताच सर्व थांबवणारा, आधी ठरलेला शब्द. वाहतुकीच्या दिव्यांची पद्धत बहुतेक ठिकाणी चालते : हिरवा म्हणजे चालू दे, पिवळा म्हणजे सावकाश किंवा विचारून घे, लाल म्हणजे थांब. कोणताही शब्द ठरलेला नसेल, तर ‘नको’चा अर्थ नकोच होतो. ही तळटीप नाही, मुख्य नियम आहे.

कडुलिंब

माफ करा, पण मला हे पटत नाही. कापसाला भाव नाही, पोरांची लग्ने जमत नाहीत, आणि आपण परदेशातील विकृतींचे शब्दार्थ लावत बसलो आहोत. हे आजार आहेत. आजारी माणसाला डॉक्टरकडे पाठवावे. त्याला परिभाषा कशाला शिकवायची? आपल्या मातीत हे कधी नव्हते.

झाडीपट्टी

कडुलिंबजी, मातीचा विषय निघाला म्हणून लिहितो. वात्स्यायनाच्या कामसूत्रात नखक्षत, दंतक्षत आणि प्रहणन, म्हणजे प्रणयातील आघात, यांवर स्वतंत्र प्रकरणे आहेत. आघात कोठे करावे, त्यावर कोणते उद्गार निघतात, याची वर्गवारी तेथे आहे. तेव्हा परदेशातून शब्द आले, विषय नाही.

मला त्याहून महत्त्वाचे वाटते ते पुढचे. दक्षिणेकडील काही घातक आघात सांगून वात्स्यायन लगेच त्यांपासून झालेले मृत्यू नोंदवतो. चोल राजाच्या हातून चित्रसेना नावाची गणिका मेली आणि कुंतलाच्या शातकर्णी सातवाहनाच्या हातून महादेवी मलयवती मेली. सातवाहन म्हणजे पैठणचे, आपलेच. त्यानंतर तो स्पष्टपणे म्हणतो की हे क्लेशकारक आणि अनार्य वर्तन आहे, ते आदरू नये. आणि एका प्रदेशात चालते म्हणून दुसऱ्या प्रदेशात करू नये. म्हणजे धोक्याची सूचना वर्णनाला चिकटूनच येत होती. ताईंची तक्रारही हीच आहे की मोबाइलवर ती सूचना येत नाही.

आणि मराठीत याविषयी बोलण्याची परंपरा नाही, असेही नाही. र. धों. कर्वे यांनी १९२७ पासून १९५३ पर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ चालवले. वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना त्यांनी सरळ मराठीत उत्तरे दिली, आणि त्याबद्दल त्यांच्यावर खटला झाला तेव्हा १९३४ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले.

निर्गुडा

मी डॉक्टर आहे. आजार म्हणावा की नाही, एवढ्यापुरते लिहिते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या अकराव्या वर्गीकरणाला मे २०१९ मध्ये मान्यता मिळाली आणि ते १ जानेवारी २०२२ पासून लागू झाले. फेटिशिझम आणि सॅडोमॅसोकिझम ही निदाने त्यातून काढून टाकली आहेत. समोरच्याच्या संमतीविना त्याला वेदना देण्याची तीव्र आणि सततची ओढ मात्र विकार म्हणून कायम ठेवली आहे. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या २०१३ च्या नियमावलीतही निराळी आवड वेगळी आणि विकार वेगळा धरला आहे. त्या आवडीमुळे स्वतःला लक्षणीय त्रास होत असेल, किंवा दुसऱ्याला इजा होत असेल, तरच विकार म्हणायचे. तेव्हा कडुलिंबजी, डॉक्टरकडे पाठवायचे कोणाला, हे आवडीवरून ठरत नाही.

आता डॉक्टर म्हणून जे सांगायलाच हवे ते. ‘ब्रेथ प्ले’ असे खेळकर नाव ज्याला दिले आहे, ते गळा दाबणे किंवा श्वास रोखणे आहे, आणि त्याची सुरक्षित पद्धत अस्तित्वात नाही. मेंदूचा रक्तपुरवठा थांबला की काही सेकंदांत शुद्ध हरपते. शुद्ध हरपलेला माणूस सेफवर्ड उच्चारू शकत नाही. ‘शिबारी’ या जपानी नावाने दोरीने बांधलेल्या माणसांची चित्रे फिरतात. दंडाच्या बाहेरच्या बाजूस दोरीचा दाब पडला तर तेथील नस दबून मनगट लुळे पडू शकते. मुंग्या आल्या किंवा बधिरपणा वाटला की गाठ सोडत बसायचे नाही, दोरी कापायची. बांधलेल्या माणसाला एकटे सोडायचे नाही, आणि गळ्याला दोरी कधीही नाही. दारू प्यायलेल्या माणसाची संमती ही संमती नव्हे, हेही यातच आले.

सालबर्डी

मग कोती, पंथी हे शब्दही यातच धरायचे का? यात्रेत ऐकले आहेत.

पऱ्हाटी

नाही, आणि ही गल्लत फार होते. कोती, पंथी हे शब्द तृतीयपंथी आणि समलिंगी पुरुषांच्या आपसातील बोलीतले आहेत. ते माणसाची ओळख किंवा नात्यातील स्थान सांगतात. समलिंगी असणे हा फेटिशचा प्रकार नाही. किंक भिन्नलिंगी जोडप्यांतही असते आणि समलिंगी जोडप्यांत नसतेही. झाडीपट्टी सरांनी सांगितल्याप्रमाणे काही शब्द समलिंगी मंडळींत जन्मले, एवढाच धागा दोन्हींत आहे.

आर्वीची लेक

मला या परिभाषेच्या लेखनातली एक गोष्ट खटकते. इंग्रजीत लिहिताना यातील काहीजण वर्चस्व घेणाऱ्याचे नाव मोठ्या अक्षराने आणि समर्पण करणाऱ्याचे लहान अक्षराने लिहितात. स्वतःसाठीचे ‘मी’सुद्धा लहान. देवनागरीत लहानमोठी अक्षरे नाहीत. आपल्याकडे ते काम अहो आणि अगं करतात. पण आमच्या गावात प्रत्येक बाई नवऱ्याला अहो म्हणते आणि नवरा तिला अगं म्हणतो, तिने कधी काही ठरवलेले नसताना.

‘पॉवर एक्स्चेंज’ या शब्दाचा अर्थ मी असा वाचला की एकाने आपली सत्ता ठरावीक वेळेपुरती, स्वखुशीने दुसऱ्याच्या हाती द्यायची आणि हवी तेव्हा परत घ्यायची. जिच्या हाती घराचा पैसा नाही, माहेरी जायचे तरी विचारावे लागते, तिने नेमकी कोणती सत्ता द्यायची? जी नाहीच, ती देता येत नाही. म्हणून एखादा नवरा ‘मी डॉम आहे’ म्हणतो तेव्हा मला त्यात नवीन काही दिसत नाही. जुन्याच गोष्टीला त्याने नवे नाव शोधले आहे.

पऱ्हाटी

आर्वीची लेक, हे मला जमले नसते इतके नेमके लिहिलेस. माझ्याकडे येणाऱ्यांत मी हीच कसोटी लावते : ‘तुम्ही नाही म्हणालात, तर उद्या सकाळी घरात काय होईल?’ काहीच होणार नाही, असे उत्तर आले, तर पुढे परिभाषेविषयी बोलता येते. अबोला, मार किंवा माहेरी पाठवण्याची धमकी असे उत्तर आले, तर तो किंकचा विषयच राहत नाही.

मोर्शीकर

वकिलीच्या अनुभवातून थोडे. प्रौढांमधील संमतीचे खासगी संबंध, ते समलिंगी असले तरी, गुन्हा नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी स्पष्ट केले. इजेच्या बाबतीत कायदा वेगळा विचार करतो. भारतीय न्याय संहिता १ जुलै २०२४ पासून लागू आहे. तिच्या कलम २५ मध्ये अठरा वर्षांवरील व्यक्तीच्या संमतीने झालेल्या इजेला संरक्षण आहे, पण मृत्यू किंवा गंभीर दुखापत घडवण्याचा हेतू नसेल आणि तशी शक्यता माहीत नसेल, तरच. हाड मोडले तर ‘तिनेच हो म्हटले होते’ हा बचाव तोकडा पडतो.

पत्नीवर मनाविरुद्ध लादलेली लैंगिक कृती २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात ‘लैंगिक अत्याचार’ या व्याख्येत येते. त्यासाठी संरक्षण अधिकाऱ्याकडे जाता येते किंवा १८१ या महिला हेल्पलाइनवर फोन करता येतो. आणि जोडीदाराचे लैंगिक चित्रण त्याच्या परवानगीशिवाय ग्रुपवर टाकणे हा माहिती तंत्रज्ञान कायद्याखाली गुन्हा आहे. कलम ६७अ मध्ये पहिल्याच वेळी पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. चित्रण करण्यास होकार होता, म्हणून पाठवण्यासही होकार होता, असे धरता येत नाही.

आणखी एक शब्द नोंदवून ठेवा : ‘फिनडॉम’. पैसे देण्यातच समर्पण मानण्याचा हा प्रकार आहे; दिलेल्या पैशाला ‘ट्रिब्यूट’ म्हणतात. या नावाखाली बनावट बायकांची खाती चालवणारे पुष्कळ आहेत. आधी थोडी रक्कम, मग व्हिडिओ कॉल, मग त्याचे रेकॉर्डिंग नातेवाइकांना पाठवण्याची धमकी, असा क्रम असतो. पैसे दिल्याने मागणी थांबत नाही. संवाद पुसून न टाकता जपावा आणि १९३० या सायबर गुन्ह्यांच्या हेल्पलाइनवर लगेच कळवावे.

कडुलिंब

माझे मत पूर्ण बदललेले नाही. तरी शेवटच्या दोन प्रतिसादांतील माहिती गावच्या ग्रुपवर गेली पाहिजे, हे मान्य करतो. एक विचारतो. ताईंनी सुरुवातीला काळजीविषयीच्या शब्दांचा उल्लेख केला होता. हे सगळे संपल्यानंतरच्या काळजीसाठीही काही शब्द आहे का?

पऱ्हाटी

‘आफ्टरकेअर’. सर्व संपल्यावर एकमेकांची विचारपूस करणे, पाणी देणे, पांघरूण घालणे, जवळ बसणे किंवा हवे असेल तर एकटे सोडणे. तीव्र अनुभवानंतर काही तासांनी किंवा दुसऱ्या दिवशी मन अचानक खचते, रडू येते, त्याला ‘ड्रॉप’ म्हणतात. तो डॉमलाही येतो. अनोळखी माणसाशी बोलताना ‘नंतर तुम्ही काय करता’ असा प्रश्न विचारावा, असे मी सुचवते. ज्याला या प्रश्नाचे उत्तर सुचत नाही, त्याने हे शब्द केवळ व्हिडिओतून उचलले आहेत असे समजायला हरकत नाही.

सालबर्डी

आमच्या तालुक्यात एकही सिग्नल नाही. लाल-हिरवा ऐवजी मराठीत सेफवर्ड कोणता ठेवावा? ‘सोयाबीन’ कसा वाटतो? भाव आठवला की कोणाचाही उत्साह आपोआप उतरतो.

पऱ्हाटी

चालेल. त्या प्रसंगी एरवी तोंडात येणार नाही, उच्चारायला सोपा असेल आणि दोघांच्याही लक्षात राहील, असा कोणताही शब्द चालतो. बोलणे शक्य नसेल अशा वेळेसाठी हातात किल्ल्यांचा जुडगा धरून ठेवतात. तो हातातून पडला की थांबायचे, आणि पडण्याचा आवाज ऐकू यावा म्हणून खाली गादी नसावी.